समिंद्राबाईंचे सोमवार

पुडी गिऱ्हाइकाच्या हातात ठेवण्याआधी समिंद्राबाई तिच्यातली एक चिमूट स्वतःच्या जिभेवर ठेवत. मग मान वर करून म्हणत, "बगा माह्या डोळ्याकडं." गिऱ्हाईक बघे. त्यांची पापणी एकदा जड होऊन खाली येई आणि पुन्हा उघडे. माल खरा असल्याची तेवढीच खूण.

पाचोडच्या रविवारच्या बाजारात, मिरच्यांच्या ढिगांपलीकडे त्यांची जागा होती. विकायला दोनच जिन्नस. एक तिळाची लांबवडी. ती खाल्ली की एका तासात तीन तासांचं काम उरकतं. दुसरी जवसाची झटकी चटणी; तिची एक चिमूट म्हणजे एक तास गायब. माणूस चालतो, बोलतो, जेवतो, कुणाला काही कळत नाही. पण तो तास त्याच्या आठवणीत उरत नाही. दोन चिमटी खाल्ल्या तर दोन तास. असल्या काळखाद्यांची तपासणी करणारं आमचं खातं आणि मी त्या भागाचा तपासनीस, म्हणून बाईंची ओळख.

लांबवडी फारशी खपत नसे. फर्दापूरला उतरून लेणी बघायची आणि संध्याकाळची गाडीही गाठायची, असे लोक घेत, तेवढंच. झटकीवर मात्र उड्या पडत. दवाखान्याच्या बाकावर बसणारे, हर्सूलच्या तुरुंगाबाहेर भेटीसाठी ताटकळणारे, सासुरवाडीला निघालेले जावई. मी एकदा विचारलं, "बाई, जो तो वेळ पुरत नाही म्हणतो, मग लांबवडी का घेत नाही?" त्या म्हणाल्या, "तसं निस्तं म्हणायचं आसतं साहेब. हातात आला की नको व्हतो."

या चाखण्यात माझा हात होता, ते सांगायला हवं. पूर्वी विकणारे सकाळी एकदाच चाखत. मग कुणीतरी साधी जवसाची चटणी झटकी म्हणून विकली आणि एका लग्नातलं अख्खं वऱ्हाड पुढाऱ्यांची भाषणं टक्क जागं राहून ऐकत बसलं. तक्रार झाली. मी आदेशाचा मसुदा केला: प्रत्येक विक्रीला, गिऱ्हाइकासमोर, एक चिमूट. मसुद्यावर मी खूश होतो. कुठे पळवाट नव्हती.

पळवाट लोकांनी काढलीच. पापणी पडली की बाकीचे विक्रेते मान वळवून थुंकत, म्हणजे जेमतेम पाचदहा मिनिटं जात. मला ते माहीत होतं. समिंद्राबाई थुंकत नसत. "जे मी गिळीन तेच लोकायला दीन. थुकून इकायचं मपल्यानं नाय व्हत." रविवारी चाळीस-पंचेचाळीस पुड्या सहज जात. म्हणजे रविवारी सकाळी बाजार मांडला की बाई भानावर यायच्या त्या सोमवारी रात्री, कधी मंगळवारी पहाटे. "माहा आठवडा पाचच दिसांचा," असं त्या हसून सांगत.

मग त्यांच्या नवऱ्याला अर्धांगवायू झाला. शहरातल्या डॉक्टरांनी काही महिने सांगितले. बाई एसटीने आमच्या कचेरीत आल्या, हातात टाईप केलेला अर्ज. सकाळी एकदाच चाखायची परवानगी हवी होती.

"मालकाचं आता थोडंच ऱ्हायलंय साहेब. सोमवारी मी त्यायच्यापाशी आसते, पर नसते. तेवढे सोमवार द्या मला."

"मग थोडे दिवस बाजार बंद ठेवा."

"दोन बाजार बुडले की जागा दुसऱ्याला जाती. मंग खायचं काय?"

नियम सगळ्यांना सारखा, असं मी म्हणालो. तरी अर्ज ठेवून घेतला आणि त्यावर 'चर्चा करावी' असा शेरा मारला. चर्चा कुणाशी करायची हे ठरवलं नव्हतं. "बाई, तुम्हीही थुंका" एवढं म्हणालो असतो तरी त्यांचं काम झालं असतं. नियम लिहिणाऱ्याच्या तोंडून ते निघालं नाही.

नवरा गेला तो सोमवारी. मी भेटायला गेलो. बाई ओट्यावर बसल्या होत्या.

"सकाळी त्यायची जीभ सैल झाली म्हणं," त्या म्हणाल्या. "सहा महिन्यात पहिल्यांदा नीट बोलले. दुपारपस्तोर बोलत व्हते आन मी हसत व्हते, आसं शेजारीन सांगती. काय बोलले ते तिला आयकू गेलं नाय." मग म्हणाल्या, "गेल्यावर मी लई रडले म्हणं."

दुसऱ्या कुणा बाईबद्दल सांगावं तसं त्या सांगत होत्या. मला स्वतःची लाज वाटली. चहा आला होता, तो तसाच ठेवून उठलो.

त्यानंतर फाईल मी स्वतः टेबलाटेबलावर फिरवली. आठ दिवसांत आदेश निघाला. आठच दिवसांचं काम होतं. कागद घेऊन मी रविवारी बाजार मांडायच्या आत पाचोडला गेलो आणि बाईंना वाचून दाखवला.

"म्हंजी आता चाखायचं नाय?"

"सकाळी एकदाच."

त्या दिवशी त्या अख्खा बाजार जाग्या बसल्या. संध्याकाळी म्हणाल्या, "लई लांब आसतो हो बाजार. कसे बसतेत लोक?" मी हसलो आणि हलक्या मनाने घरी आलो.

तीन आठवड्यांनी पुन्हा जाणं झालं. बाजार उठत होता. बाईंसमोर गिऱ्हाईक नव्हतं, तरी त्या एका कागदावर झटकीच्या चिमटी मोजून टाकत होत्या. अठरा, एकोणीस, वीस.

"एवढी मोठी पुडी कुणाला?" मी विचारलं.

"मलाच."

"बाई, आदेश निघालाय ना? आता चाखायची गरज नाही."

"चाखायला नाय साहेब. उद्याच्याला खायला." त्यांनी बोटं थांबवली नाहीत. "ऐतवार निघतो कसाबी. सोमवार निघत नाय."

चोवीस झाल्यावर त्या थांबल्या. पुडी कनवटीला लावली, पाटी डोक्यावर घेतली आणि घराकडे चालू लागल्या. त्यांना अडवायला माझ्याकडे ना नियम होता, ना तोंड.