बाळाच्या कानातला शंबूकावर्त

कानाच्या डॉक्टरबाईंसमोर गप्प बसायचं, असं बायकोने मला पनवेलला जाताना गाडीतच बजावलं होतं. मी बसलोही होतो. पण बाईंनी टेबलावरचा प्लास्टिकचा मोठा कान उघडला, आतून एक चिमुकलं पांढरं वेटोळं काढून तळहातावर ठेवलं आणि म्हणाल्या, "ऐकण्याचं खरं काम इथे चालतं. गोगलगायीच्या शंखासारखं आहे बघा."

आणि माझ्या तोंडून गेलं, "शंबूकावर्त."

सगळे माझ्याकडे वळले. मला जुने शब्द जमवण्याची खोड आहे. काही माणसं जुनी कुलपं जमवतात, तसंच. हा शब्द कित्येक वर्षं माझ्याकडे पडून होता आणि त्याला लावायला एकही दार सापडलं नव्हतं. त्यामुळे मी थांबलो नाही. "शंबूक म्हणजे गोगलगाय, किंवा तिचा शंख. आवर्त म्हणजे फेरा, भोवरा. शंखाच्या वेढ्यांसारखा आत आत जाणारा फेरा. फार जुना शब्द. आता कोणी वापरत नाही."

"वापरतात की," डॉक्टरबाई म्हणाल्या. "माझे सासरे वैद्य आहेत, त्यांच्या तोंडून मी ऐकलाय. पण काका, तो कानाचा नाही हो. भगंदराचा एक प्रकार आहे. बसायच्या जागेचं दुखणं."

मेव्हण्याने छताच्या पंख्याकडे पाहिलं. बायकोने माझ्याकडे पाहिलं नाही, आणि तिचं न पाहणं मला चांगलं कळतं. फक्त मेव्हण्याची बायको, मांडीवर बाळ घेऊन, त्या पांढऱ्या वेटोळ्याकडे टक लावून बघत होती. तिला ना माझ्या शब्दाशी कर्तव्य होतं, ना भगंदराशी. लग्नानंतर बऱ्याच वर्षांनी तिला ही मुलगी झाली होती. जन्मल्यावर इस्पितळात बाळाच्या कानांना यंत्र लावून बघतात, तसं हिलाही लावलं. दोन्ही कानांकडून यंत्राला काही उत्तर आलं नव्हतं.

बाईंनी तिला समजावलं की पुष्कळ बाळांच्या कानात जन्माच्या वेळचं पाणी राहिलेलं असतं, म्हणून पहिली तपासणी फसते. काही आठवड्यांनी मोठी तपासणी करू, ती बाळ झोपलेलं असताना करतात, तोवर धीर धरायचा. मग तिच्या चेहऱ्याकडे बघून त्या आणखी थोडं बोलल्या. तेव्हा मी ऐकलं ते अजून माझ्या डोक्यातून गेलेलं नाही.

ते वेटोळं खरं तर मटारच्या दाण्याएवढं असतं. अडीच वेढे. आत खारट पाणी. बाहेरचा आवाज पडद्यावर आपटतो आणि त्या पाण्यात त्याची लाट होते. बारीक, चिरके आवाज तोंडाशीच, पहिल्या वेढ्यात विरतात. जाड, खर्जातले आवाज मात्र आत आत जात शेवटच्या वेढ्याशी पोचतात. म्हणजे बांगडीची किणकिण उंबऱ्यावर थांबते आणि समुद्राची गाज थेट देवघरापर्यंत जाते. हे उंबरा-देवघर माझं, बाकीचं बाईंचं.

"आणि एक," त्या म्हणाल्या. "हिचे हात, पाय, डोकं, सगळं वाढायचंय. पण हे वेटोळं आत्ताच तुमच्या-माझ्याएवढं आहे. ते पूर्ण होऊनच मूल जन्माला येतं."

मी बाळाकडे पाहिलं. मुठीएवढं डोकं आणि त्यात माझ्याच मापाचे दोन शंख. जन्मभर समुद्रकाठी राहिलो, आणि खारं पाणी, लाट नि शंख हे तिन्ही आपण कानात घेऊन हिंडतो, हे मला पन्नाशी उलटल्यावर पनवेलमध्ये कळलं.

घरी आल्यावर प्रश्न निघाला बारशाचा.

माझी सासुरवाडी आमच्याच गावात आहे, मधे फक्त दोन-चार नारळीपोफळीच्या वाड्या. मेव्हण्याची बायको पालीकडची. तिला आई नाही, म्हणून पहिलं बाळंतपण असूनही ती सासरीच राहिली, आणि तेलपाण्याचं काम माझ्या बायकोकडे आलं. म्हणजे बाळाच्या आत्याकडे. बारशाचं मुख्य काम आत्याचंच असतं. पाळण्यात घातलेल्या बाळाच्या कानाशी वाकून तिने कुर्र करायचं आणि नाव सांगायचं, तेव्हा मागून बाकीच्या बायका तिच्या पाठीत धपाटे घालतात. नाव जगात सगळ्यांत आधी बाळाच्या कानात पडतं, मग आपल्या.

सासूबाईंनी दिवस काढून ठेवला होता. बाळंतिणीने सांगितलं, तपासणी होईपर्यंत बारसं नको.

"नाव काय कानाला इचारून ठेवतात?" सासूबाई म्हणाल्या. "इतकी बारशी झाली या घरात. कुनाचा कान तपासला व्हता?"

"आई, तुम्ही नाव ठेवा. कागदावर ठेवा, पाळण्यावर लिहा. कानात सांगू नका." तिने बाळाचा अंगरखा नीट केला, जो नीटच होता. "ताई वाकून सांगणार, बायका हसणार, आणि हिला कळणारच नाही कोणी काही बोललं ते. मला ते बघायचं नाही."

"न्हाय सांगितलं तर बारसं कसलं?"

बायको तेव्हा बाळाच्या पायाला तेल चोळत होती. ती म्हणाली, "आई, राहू दे. आत्या मी आहे ना? मी सांगेन तेव्हा बारसं."

सासूबाई गप्प झाल्या. मला हे आमच्या घरी कधी साधलेलं नाही.

मग ते आठवडे मी काय केलं, तर जे मला येतं ते. शब्दाच्या मागे लागलो. बायकोला बाळाचं अंग रगडता येत होतं, मेव्हण्याला गाडी चालवता येत होती, मला नुसते कोश उघडता येत होते. भगंदर निघाला, बाईंचं खरं होतं. नळी शंखासारखी आत वळत जाते म्हणून त्या दुखण्याला हे नाव. बायकोला सांगितलं तर म्हणाली, "चांगलं झालं. आता निदान बाहेर बोलणार नाही." पण पुढे आणखी एक अर्थ मिळाला आणि मी खुर्चीतून उठून उभा राहिलो.

जैन मुनी भिक्षेला निघत, तेव्हा गावातून कसं फिरायचं याच्या ठरलेल्या वाटा असत. त्यातल्या एका वाटेचं नाव शंबूकावर्त. शंखाच्या वेढ्यासारखं फिरायचं. त्यातही दोन तऱ्हा. एक गावाच्या मध्यापासून बाहेर उलगडत जाणारी, दुसरी वेशीपासून आत आत येणारी.

म्हणजे कोणे काळी माणसं शंखाचा आकार पायांनी काढत होती, आणि तोही कुणाच्या दारात काही मागायला. आवाज कानात शिरतो तो याच वाटेने. बाहेरून आत.

मला ती वाट चालून बघायची हुक्की आली. दुसऱ्या दिवशी सकाळी मी गावाच्या कडेने निघालो. समुद्राकडून सुरुवात. ओहोटी होती, तिथे वाळूत एक शंख मिळाला, तो बाळाला दाखवू म्हणून खिशात टाकला. मग सुरूच्या झाडांमागून, बंदराकडच्या रस्त्याने, शाळेच्या मागून पहिला वेढा. दुसरा वेढा वाड्यांच्या आतून. गावाच्या रचनेला शंख ठाऊक नसल्यामुळे मला दोन कुंपणं ओलांडावी लागली आणि एका विहिरीला उलटा वळसा घालावा लागला. एकाच वाडीवाल्याच्या समोरून मी तिसऱ्यांदा गेलो तेव्हा त्याने शिंपणं थांबवून विचारलं, "काय हरवलाय का?"

"नाही, सहज फिरतोय."

"मगाधरनं बगतंय मी. सहज फिरनारा मानूस असा फिरत न्हाय." त्याने नळी दुसऱ्या आळ्यात टाकली. "डागदरनं सांगितलंय व्हय, शुगरचं?"

मी व्हय म्हटलं. शंबूकावर्त सांगण्यापेक्षा मधुमेह सोपा.

शेवटचा वेढा सासुरवाडीच्या अंगणात संपला. पडवीत बाळंतीण बाळाला घेऊन बसली होती. मी खिशातला शंख काढला आणि तिला टोक दाखवलं. शंख तोंडाच्या बाजूने वाढत जातो, वेढ्यावर वेढा, पण हे टाचणीच्या डोक्याएवढं टोक आहे ना, हा त्या जिवाचा जन्माच्या वेळचा शंख. तो तसाच राहतो. सगळा पसारा त्याच्याभोवती.

तिने शंख हातात घेतला, उन्हात धरून टोक नीट पाहिलं. मग म्हणाली, "भावोजी, यातलं ऐकायचं असतं ना?" आणि तिने तो स्वतःच्या कानाला लावला. बराच वेळ. नंतर तिने तो हळूच बाळाच्या कानाजवळ नेला आणि मधेच हात थांबवला. मला परत दिला. मी चहा न घेता सरळ वाटेने घरी आलो.

मोठ्या तपासणीला बाळ गाढ झोपायला हवं, म्हणून आदल्या रात्री जागवा आणि वाटेत झोपू देऊ नका, अशी सूचना होती. हे सांगणाऱ्याने तान्ह्या बाळाबरोबर गाडीतून प्रवास केलेला नसावा. वडखळ येण्याआधीच ती आत्याच्या मांडीवर ढाराढूर. बायको तिच्या तळव्यांना गुदगुल्या करत होती, बाळंतीण ओला रुमाल फिरवत होती, आणि मी, मला पुढच्या सीटवरून सूचना करण्याचं काम होतं.

वडखळला गाड्या तुंबल्या. न्हावा शेव्याकडे जाणारा एक कंटेनर आमच्या शेजारी येऊन टेकला आणि त्याने हॉर्न दिला. तो हॉर्न काचेतून नाही, सीटमधून आला. मेव्हण्याचा पाय ब्रेकवर गेला. बायको दचकली, मी दचकलो, बाळंतिणीच्या हातातला रुमाल खाली पडला.

बाळ झोपलेलं होतं. पापणीसुद्धा हलली नाही.

मागच्या सीटवर बायकोने एक हात बाळावर ठेवला आणि दुसऱ्याने भावजयीचा हात धरला, आणि तो पनवेलपर्यंत सोडला नाही.

तपासणीच्या खोलीत आईला आणि आत्याला घेतलं. आम्ही दोघे पुरुष बाहेर बाकावर. मेव्हणा म्हणाला, "भावोजी, काहीतरी सांगा ना. तुमचं ते शब्दाबिब्दाचं." आयुष्यात पहिल्यांदा कोणी आपणहून विचारलं, आणि मला एकही शब्द आठवला नाही.

दार उघडलं तेव्हा बाळंतीण रडत होती, पण चालताना पाऊल हलकं होतं, त्यामुळे मला काही कळेना. मागून डॉक्टरबाई आल्या. डावा कान छान ऐकतो, म्हणाल्या. उजव्याकडून जवळजवळ काहीच नाही. एका कानावर मूल व्यवस्थित बोलायला शिकतं, शाळेत जातं, फक्त लक्ष ठेवायचं, पुन्हा दाखवायला आणायचं. हॉर्नचं मी विचारलं. त्या हसल्या. "रात्रभर जागवलेलं बाळ आहे काका. तुम्हीही उठला नसता."

मी त्या झोपलेल्या डोक्याकडे पाहत राहिलो. आत दोन शंख, अगदी सारखे, अडीच-अडीच वेढ्यांचे. एकात लाट चढत होती, दुसऱ्यात पाणी स्थिर. बाहेरून काही फरक दिसत नव्हता.

बायकोने तिथेच, पायऱ्या उतरताना सांगितलं, "आता बारसं."

बारशाला पडवी बायकांनी भरली. घुगऱ्या वाटून झाल्या, पाळण्याखालून गोविंद घ्या, गोपाळ घ्या झालं. बायको वाकायला लागली तशा सासूबाई सवयीने पुढे सरकल्या. "उजव्या कानात सांग गो. नाव उजव्याच कानात सांगतात."

पाळण्याची दोरी बाळंतिणीच्या हातात होती. ती थांबली. पडवीतल्या निम्म्या बायकांना कानाचं माहीत होतं आणि निम्म्यांना नव्हतं.

बायको सरळ पाळण्याच्या डाव्या बाजूला गेली. वाकली, कुर्र केलं, नाव सांगितलं. पाठीत धपाटे बसले, चांगले जोरात. आणि बाळाने हातपाय मारायचे थांबवले. डोळे मोठे केले, आणि मान आत्याकडे वळवली. अगदी थोडी. मी पडवीच्या खांबाशी होतो, मला ती दिसली. तिच्या आईलाही दिसली, कारण दोरी तिच्या हातातून सुटली होती.

शब्द माझ्यासमोर आयुष्यभर पडून आहेत, पण एखादा आत पोचताना मी तोवर कधी पाहिला नव्हता.

सगळ्या बायका नाव विचारायला लागल्या तरी बायको सरळ उभी राहिली नाही. ती पाळण्याला वळसा घालून उजव्या बाजूला आली आणि पुन्हा वाकली. या वेळी कोणी धपाटा घातला नाही. ती त्या कानाशी बराच वेळ बोलत होती, नावाला लागतो त्यापेक्षा कितीतरी जास्त. सासूबाईंनी पदर डोळ्यांना लावला. मग बायको उठली आणि तिने नाव मोठ्याने सांगितलं.

घरी येताना वाडीतल्या वाटेवर मी तिला विचारलं, "उजव्या कानात एवढा वेळ काय सांगत होतीस?"

"नाव सांगितलं आधी," ती म्हणाली. "मग म्हटलं, तुझे आतोबा बोलायला लागले की हा कान त्यांच्याकडे करायचा."