वासूकाकाने कॅमेऱ्याला सांगितलं ते

वासूकाका गेल्याचा फोन आला तेव्हा मी डिचोलीच्या बाजारात पाववाल्या पोदेराकडून उंडे घेत होते. खरं सांगते, आधी काहीच वाटलं नाही. बुडत्या गलबतातून जिवंत आलेला माणूस साध्या तापाने कसा जाईल? यमाने काकाला एकदा परत पाठवलंय, आता तो त्याच्या वाटेला जायचा नाही, अशी आमच्या घरात समजूतच होऊन बसली होती. केरीला काकाच्या घरी पोचले, काका ओटीवर निजवलेला... तरी मला पटेना.

काका आणि काकीचा धाकटा भाऊ रघूमामा, दोघेही तरुणपणी मंगळूरची कौलं आणणाऱ्या गलबतावर खलाशी होते. वादळात गलबत फुटलं आणि काका एकटाच परत आला. "लाटेन आमका येगळे केले," एवढंच सांगायचा. पुढे काही विचारलं की म्हणायचा, "चाय कर गे." रघूमामाचं प्रेत मिळालं नाही, म्हणून काकीने आशा सोडली नाही. कारवारला असेल, बायको करून बसला असेल मेला, असं चिडून म्हणायची आणि दर भाऊबिजेला त्याच्यासाठी पाट मांडून निरांजन लावायची. काका त्या दिवशी नेमका उठून दर्यावर जाऊन बसायचा. आम्ही पोरं त्याला हसायचो.

काकाचं बारावं झाल्यावर माझ्या लेकीला इंटरनेटवर गलबतांवरचा एक जुना माहितीपट सापडला. त्यात आमचा काका! काळीभोर मिशी, कानावर विडी. मी आनंदाने ओरडलेच. शिडांविषयी ऐटीत बोलत होता. मग कुणीतरी त्याला गलबत बुडाल्याचं विचारलं. काकाने कानावरची विडी काढून हातात घेतली...

"रघू नि मी, दोगांय गलबताच्या एकाच फळयेर होतो, हात धरून. सकाळी बघलंय तर त्येचो हात थंडगार. मगे सोडलंय... घरी काय सांगू? बायल भावाची वाट बघता."

माझं डोकंच चालेना. परक्या माणसाला सांगितलं, आणि जिच्याबरोबर जन्म काढला तिला नाही? याला लबाड म्हणू की मायाळू? रागावू तर कुणावर, मेलेल्या माणसावर? आणि काकीला दाखवावं तर तिचा भाऊ आज मरणार. लपवावं तर काकाचं ते खोटं आता मी चालवणार. "म्हातारेक कित्याक त्रास?" नवरा म्हणाला. मलाही तेच हवं होतं, गप्प बसायला निमित्त.

पण दिवाळी आली. यंदा घरात सण नव्हता, तरी काकीने निरांजन घासायला घेतलं. मी म्हटलं, "काकी, यंदा राहू दे ना." तर म्हणते, "भाव काय वर्स बघून येतलो?" मग मला राहवलं नाही. फोन तिच्या हातात दिला.

तिने शेवटपर्यंत पाहिलं. रडली नाही. "परत लाव," म्हणाली. परत लावलं. काकाचं तोंड पडद्यावर आलं तशी एकदम फोनवरच ओरडली, "मेल्या, माका सांगूक जीभ झडली होती?" आणि मग काकाच्या खाटेवर जाऊन बसली. मी पाणी आणलं, तिने घेतलं नाही. ती फोनकडे आणि निरांजनाकडे आळीपाळीने बघत राहिली.

"आदी कोणासाठी रडू गे मी, बाय? ह्येच्यासाठी काय त्येच्यासाठी?"