धुक्यातला नेम

लोणावळ्यात पावसाळाभर कॉलेजचं मैदान असतं, पण दिसत नाही. मुली पायऱ्या उतरतात आणि दहा पावलांवर विरघळतात. मग नुसते आवाज उरतात. ओल्या गवतात बुटांचा चपचपाट, कुणाचं तरी खिदळणं, आणि त्यातच एक ठाम आवाज, धप. सारिका केदारी मॅडम जमिनीलगत बसून डाव्या हातातल्या ग्लोव्हमध्ये उजव्या मुठीचा ठोसा मारतात, तो. त्या आवाजाच्या रोखाने चाळीसेक फुटांवरून कुणीतरी हात खालून फिरवून सॉफ्टबॉल सोडतं. शेवटच्या दोन हातांवर चेंडू धुक्यातून उगवतो. कुणी फेकलाच नव्हता, तिथेच तरंगत होता, असं वाटतं.

सारिका स्वतः अशीच शिकली. तिचं माहेर पवन मावळात. भाताची आवणी असली की रोपांच्या मुठी बांधावरून खाचरात फेकायचं काम तिचं. चिखलात वाकलेल्या बायका मागे वळून बघत नसत. नुसतं "हितं" म्हणायच्या, की पाणी न उडवता मूठ हाताशी पडायची. थोरली चुलती म्हणायची, "हिला लांब देऊ नगा. मुठी कोन टाकील मग?"

अकरावीला ती लोणावळ्यात आली आणि खेळाच्या सरांनी तिच्या हातात चेंडू दिला. सर समोर बसून ग्लोव्ह वाजवायचे, ती आवाजावर टाकायची. दोन पावसाळे असे गेले. चेंडू टाकायला डोळेही लागतात, हे तिला आठवेनासं झालं.

एकोणिसाव्या वर्षी ती राज्य संघाच्या निवड चाचणीला खानदेशात गेली. तिथे रखरखीत ऊन. मैदान या टोकापासून त्या टोकापर्यंत उघडं. चेंडू झेलायला बसलेली मुलगी परक्या जिल्ह्यातली. तिने ग्लोव्ह गुपचूप समोर धरला. सारिका आवाजाची वाट बघत राहिली. आवाज आला नाही. सोळा चेंडू गेले, सोळाही भलतीकडे. चार चेंडू बाहेर गेले की बॅटरला पहिला बेस फुकट; अशा चार जणी बॅट न फिरवता चालत गेल्या. सतरावा चेंडू तिला टाकू दिला नाही. परतीच्या एसटीत सरांनी एक केळं सोलून तिच्या हातात दिलं.

पुढे तिने बी.पी.एड. केलं. देहूरोडच्या डेपोत नोकरीला असलेल्या कैलासशी लग्न झालं, आणि ज्या मैदानावर शिकली तिथेच ती प्रशिक्षक झाली. त्याला आता सोळा वर्षं झाली. पावसाळ्यात संघाचे ओले ग्लोव्ह तिच्या स्वयंपाकघरात, गॅसच्या वरच्या दोरीवर वाळतात. सासूबाई शकुबाई सोळा वर्षं एकच वाक्य म्हणतात, "देवाच्या निवदावर कातडं टांगलंय." आणि ती कॉलेजात गेली की स्वतःच ते उलटे करून ठेवतात.

रुमाईसा दोन वर्षांपूर्वी संघात आली. वडील इर्शाद टेम्पो चालवतात, आई मेहमुदा ब्लाउज शिवते. पोरगी बोलायला फटकळ, पण तिचा चेंडू यायचा तेव्हा मॅडमना ग्लोव्ह हलवावाच लागत नसे. दाट धुक्यातही नाही. यंदा तिचं शेवटचं वर्ष. विद्यापीठाच्या संघाची निवड सप्टेंबरात, पुण्यात. या कॉलेजातून आजवर कुणी त्या संघात गेलं नव्हतं.

निवडीला आठ दिवस राहिले असताना पोळी लाटता लाटता मॅडम थांबल्या. पुण्यात धुकं नसतं. तिथे झेलणारी मुलगीही आपली नसणार. आपण हिला नेम दिला, त्याच्यासोबत आपल्या पायातला खोडाही हिच्या पायात घातला.

"पोळी जळतीय," शकुबाई म्हणाल्या. "कुटं गेलीयस?"

दुसऱ्या दिवशी मॅडम रुमाईसाला घेऊन लोकलने खाली निघाल्या. मळवलीनंतर धुकं विरळ झालं, कामशेतला झाडं दिसायला लागली आणि बेगडेवाडीला उतरल्या तर चक्क ऊन. स्टेशनाजवळच्या मोकळ्या रानात मॅडम बसल्या आणि ग्लोव्ह न वाजवता नुसता धरला. पहिला चेंडू हातभर बाहेर गेला. दुसरा डोक्यावरून.

"काय झालं गं?"

"मॅडम, इथं लय दिसतंय."

"काय दिसतंय?"

"सगळंच. ते लिंबाचं झाड, ती म्हैस, सिग्नल. तुमचा ग्लोव्ह सोडून सगळं."

मॅडमना हसू आलं. पाच दिवस दोघी अशाच जात राहिल्या. पाचव्या दिवशी दहातले चार चेंडू बरोबर पडत होते. येताना लोकल पुन्हा धुक्यात शिरली, तशी रुमाईसा खिडकीला डोकं टेकून झोपली. मॅडमना तिला खानदेशची गोष्ट सांगायची होती. त्यांनी सांगितली नाही.

पुण्याच्या मैदानावर लख्ख उजेड होता. झेलायला अमृता नावाची एक उंच मुलगी बसली. तिचा ग्लोव्ह गप्प. रुमाईसाचे चार चेंडू बाहेर गेले आणि पहिली बॅटर चालत बेसवर गेली. प्रशिक्षकांनी दोरीबाहेरून बोलायचं नाही, असा नियम. मॅडमनी दोरी घट्ट धरली होती. पाचवा चेंडू बाहेर. सहावाही. मॅडमना पायाखाली खानदेशातली तापलेली माती जाणवली.

तेवढ्यात रुमाईसाने हात वर केला. पंचांनी खेळ थांबवला. ती रमतगमत अमृताजवळ गेली, काहीतरी बोलली आणि परत आली. अमृताने मूठ वळली.

धप.

पुढचे चेंडू मॅडमनी पाहिलेच नाहीत. डोळे मिटून नुसते ऐकले. ग्लोव्हची थाप, क्षणभर काहीच नाही, मग चेंडू पोचल्याचा जड, भरीव आवाज. पुन्हा थाप. त्या उन्हात त्यांच्याभोवती पांढरं, गार काहीतरी उतरत होतं आणि त्यात सगळं जागच्या जागी पडत होतं.

दुपारी यादी लागली. सोळा जणींत रुमाईसाचं नाव चौदावं होतं. तिने आईला फोन लावून सांगितलं आणि मग वडापाव खात मॅडमशेजारी येऊन बसली.

"काय बोललीस गं तिच्याशी?" मॅडमनी विचारलं.

"म्हटलं, ताई, जरा ग्लोव्ह वाजवशील का? त्याशिवाय मला नेम लागत नाही."

"मग?"

"मग काय? म्हणाली, आधी नाही का सांगायचं, येडे."

मॅडम समोर बघत राहिल्या. मैदान रिकामं झालं होतं. इतकी वर्षं त्यांनी कधी उन्हाला दोष दिला होता, कधी सरांना, जास्त वेळा स्वतःच्या हाताला. खानदेशातल्या त्या परक्या मुलीचा चेहरा आज पहिल्यांदाच त्यांना आठवायला लागला. सावळी, कपाळावर घाम, ग्लोव्ह पुढे धरून बसलेली. तीही बिचारी सोळा चेंडूंमागे धावून दमली असेल. काही विचारलं असतं, तर नाही म्हणण्यासारखी ती दिसत नव्हती.