चाचांना दाळ पसंत पडली नाही

दाळ खारट झाली आहे.

या बातमीला शेजारच्या रहीमचाचांनी दुजोरा दिला आहे. पहिला घास गिळून, वर पाणी न पिता.

परवा त्यांची बायको, आमची शकुराचाची गेली. जठारपेठेत आमच्या दोन घरांत एकच भिंत, कमरेएवढी. चाळीस वर्षं त्या भिंतीवरून वाट्या जात-येत होत्या.

मयताच्या घरी तीन दिवस चूल पेटवायची नाही, शेजाऱ्यांनी जेवण पाठवायचं, असा त्यांच्याकडे रिवाज. मोहल्ल्याने प्रेमाने पाठवलं. बिर्याणी आली, कोरमा आला, कुणी तर शाही टुकडा पाठवला.

चाचांनी कशालाच हात लावला नाही.

आज सकाळी त्यांची मुलगी शबाना भिंतीशी आली. ती अमरावतीला असते.

"सुधाकरभाऊ, अब्बा दोन दिवसांपासून नुसत्या चहावर हायेत. शुगरची गोळी उपाशीपोटी कशी देऊ? म्हनतात, तिची दाळ आन, नाई तं काई नको. तुमाले येते ना अम्मीची दाळ?"

येते, असं मी जन्मभर सांगत आलो होतो. ऑफिसात तर फारच.

शिकवली चाचीनेच. बायको माहेरी गेली होती तेव्हा, भिंतीपलीकडून, ओरडून. तूर, हळद, चिंचेचं पाणी. मग तेलात जिरं, सुकी मिरची, गोडलिंब आणि मला जास्त वाटेल त्याच्या दुप्पट लसूण.

"पानी बेतानं टाक रे. तुह्या पेपरात टाकतं तेवढं नको टाकू."

"लसूण झाला का बघ ना चाची."

"लाल होऊ दे. कावून एवढी घाई? इथं कोनता तुहा एडिटर उभा हाय?"

माझी आई गेली तेव्हाची गोष्ट. सुतकात आमच्याकडे दाळीला फोडणी देत नाहीत. चाचीने साधी दाळ आणली. सोबत झाकलेली वाटी. वाटीत गरमागरम फोडणी.

"चाची, हे चालत नाही."

"मी कुठं फोडनी देली? दाळ अलग, फोडनी अलग. तुह्या घरात जाऊन दोघी भेटल्या, त्याले मी काय करू?"

वडलांनी त्या दिवशी पुन्हा भात मागितला होता.

तर आज मी दाळ केली. शबानाची डेडलाइन एकची होती. मीठ मी टाकलं. मी विसरलो असणार, या अनुभवसिद्ध खात्रीने बायकोनेही टाकलं.

चाचा पेशाने टेलर. ताटाकडे त्यांनी दुसऱ्याने शिवलेल्या शर्टाकडे पाहावं तसं पाहिलं. घास घेतला.

"हे दाळ हाय?"

"हो चाचा."

"निरा मीठच मीठ हाय. लसूण कच्चा. भात बी गिच्च. कोनं शिकवलं तुले?"

"चाचीने."

चाचांनी ताटातली लसणाची पाकळी बोटाने कडेला सारली.

"तिनं बराबर शिकवलं असन. तूच ढ हायेस."

आणि दुसरा घास घेतला.

मग तिसरा. दर घासाला एक तक्रार. शबाना दाराआड तोंडावर ओढणी धरून उभी होती. हसत होती की रडत, याची खातरजमा करता आली नाही.

ताट रिकामं झालं. गोळी दिली.

ताजं वृत्त असं, की उद्या सकाळी दहा वाजता चाचा आमच्या किचनमध्ये स्वतः दाळ करून दाखवणार आहेत. त्यांनी आजवर गॅस पेटवलेला नाही. मी सुट्टी टाकली आहे. बायकोने पडदे काढून ठेवले आहेत.

चाची, निवांत जा. तुझा माणूस जेवून राहिला.