अळूच्या पानावरची पोरं

प्रेमलाबाई माहेराहून रिकाम्या हातांनी परतल्या, असं बडोद्याच्या निजामपुऱ्यात कुणी म्हणू शकणार नाही. महाबळेश्वरकडून येताना त्यांच्याजवळ ओलं गोणपाट असायचंच, आणि त्यात ओढ्याकाठचा अळू, मुळा-चिखलासकट. बडोद्यात काय अळू मिळत नाही? ढीग मिळतो. पण इथल्या अळूने घसा खवखवतो, असं बाईंचं मत. आणि त्या मतापुढे जनार्दनरावांनी रिफायनरीतून निवृत्त होण्याच्या कितीतरी आधीच हात टेकले होते.

यंदा वड्यांसाठी पीठ कालवून झालं आणि पान उलटलं, तर त्यावर भिजल्या साबुदाण्यासारखे मणी, प्रत्येकात काळा ठिपका. पुसून टाकणार होत्या, पण आधी भाचीला फोन लावला. योगिनी तिकडे महाबळेश्वरकडेच कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवते. व्हिडिओवर पान बघून ती किंचाळलीच.

"आत्या, बेडकाची अंडी आहेत ती! जंगलातल्या ओढ्यातला बेडूक. वाहत्या पाण्यावरच्या पानावर अंडी असतात, नर शेजारी राखण करत बसतो. पिल्लं फुटली की टपकन खाली पाण्यात पडतात."

"म्हणजे मी त्याची पोरं पळवून आणली?"

"त्याच्या नाकासमोरून!"

पीठ तसंच राहिलं. देवघरातलं अभिषेकपात्र उतरवून त्यांनी मोरीत टांगलं, खाली पान, पानाखाली पावसाच्या पाण्याची परात. ऐन श्रावणात!

"अगं, महादेवाचं काय?" जनार्दनराव म्हणाले.

"त्यांच्या डोक्यावर गंगा आहे. या पोरांच्या डोक्यावर कोण आहे?"

मग जनार्दनरावांनीही जुन्या सवयीने ड्यूटी लावून घेतली. थेंब जोरात पडला तर अंडी निसटतील, थांबला तर सुकतील. नोकरीत कधी प्रेशरचा काटा बघितला नसेल इतक्या भक्तीने ते थेंब बघत बसायचे. शेजारच्या निरुपमाबेन यंदा वड्या कशा आल्या नाहीत ते विचारायला आल्या, "प्रेमलाबेन, आ वखते पात्रा नथी?" आणि मोरीत डोकावून घरून बर्फाचा ट्रे घेऊन आल्या. पाणी गार नको का!

तरी एकेक मणी पांढरा पडू लागला. बाईंना घास गोड लागेना. अंघोळीला सगळे बादली घेऊन गच्चीवर.

आणि एका सकाळी परातीत शेपट्या वळवळल्या. थोड्याच, पण वळवळल्या. बाई हसल्या आणि त्याच दमात रडल्याही.

गुडघ्यांचं कारण काढून सासुरवाडी टाळणारे जनार्दनराव पिल्लांची बरणी मांडीवर घेऊन गाडीत बसले आणि सुरतेपासून पुण्यापर्यंत ड्रायव्हरला "खड्डा, खड्डा" म्हणत राहिले. ओढ्यावर बाईंनी बरणी अलगद कलती केली. पोरं दगडाखाली गेली.

"चला आता," जनार्दनराव म्हणाले.

"थांबा हो, अजून दिसतायत."

पाण्यात काहीच दिसत नव्हतं. जनार्दनराव शेजारच्या दगडावर टेकले आणि म्हणाले, "हो, दिसतायत खरी."