चावीवाल्यांचं मागे चालणं

चावीवाले म्हणजे तसा अगदी साधा माणूस. चौतीस वर्षं पाणीखात्यात काढली, खांद्यावर माणसाएवढी लोखंडी चावी टाकून रस्तोरस्ती व्हॉल्व्ह उघडले आणि बंद केले. पण त्यांना अभिमान होता तो चावीचा नाही, चालण्याचा. आता हसू नका, आधी ऐका.

निवृत्त झाल्यावर स्वारीने एक साधना शोधून काढली. नाव ठेवलं ‘मागे चालणं’. पाठमोरं चालायचं नाही बरं का! पाय पुढेच टाकायचे, मागे जायचं ते काळात. डोळे अर्धे मिटायचे, एका श्वासाला एक पाऊल, आणि दर पावलाला रस्त्यावरची सगळ्यात नवी गोष्ट मनातून काढून टाकायची. आधी कालचा फलक, मग परवाची इमारत, मग दिव्याचा खांब. थोड्या वेळात माणूस थेट तीस वर्षं मागे. परतताना काढलेलं सगळं एकेक करून जागेवर ठेवायचं. एकदा ठेवायला विसरले, तर केव्हाच बंद पडलेल्या दुकानात चहा प्यायला निघाले!

“जाताय तर माझी तेव्हाची कंबर घेऊन या,” बायको म्हणायची.

मुलगी मात्र कातावायची. ती त्याच पाणीखात्यात इंजिनिअर झाली होती. भर रस्त्यात बाप बगळ्यासारखा पाय टाकतोय आणि ऑफिसातले लोक एकमेकांना कोपरखळ्या मारताहेत, हे तिला सहन व्हायचं नाही. एकदा ती त्यांना पाहून सरळ पलीकडच्या फुटपाथवर गेली. त्यांनी ते पाहिलं. दोन दिवस त्यांना जेवण गोड लागलं नाही.

आणि एका सकाळी प्रसूतिगृहासमोरची मोठी पाइपलाइन फुटली. बघता बघता रस्त्याची नदी झाली. तळमजल्यावर बाळंतिणींचा वॉर्ड, आणि पाणी शिरायला दोन पायऱ्या उरलेल्या. नकाशात व्हॉल्व्ह औषधाच्या दुकानासमोर होता. तिथे खणलं तर नुसती माती. मधल्या वर्षांत रस्ता तीनदा डांबरला गेला होता, झाकण खाली कुठेतरी गडप.

“टाकीच बंद करा,” मोठे साहेब म्हणाले.

म्हणजे वॉर्ड वाचणार, पण वरच्या मजल्यावर ऑपरेशन चालू होतं, तिथलं पाणी जाणार. मुलीने अर्धा तास मागून घेतला आणि घरी फोन लावला.

“बाबा, तो व्हॉल्व्ह बसवताना तुम्ही होतात ना?”

“होतो की.”

“मग मागे चालून शोधाल? सगळ्यांसमोर?”

घर दोन गल्ल्यांवर. चावीवाले असे निघाले की बायकोला चपला घेऊन गल्लीच्या टोकापर्यंत मागे धावावं लागलं.

प्रसूतिगृहाच्या फाटकापासून व्हॉल्व्ह सव्वीस पावलं, हे त्यांना पाठ होतं; नोकरीत असताना रोज सकाळी तेवढीच टाकायचे. कोणत्या बाजूला, ते मात्र मागे गेल्याशिवाय दिसणार नव्हतं. डोळे अर्धे मिटून ते निघाले. बघ्यांत खसखस पिकली. सव्विसाव्या पावलाला थांबून म्हणाले, “इथे.” यंत्राने खणलं.

काही नाही.

साहेबांनी घड्याळ पाहिलं. मुलीचा चेहरा उतरला. चावीवाले मटकन खाली बसले आणि आपल्याच पायांकडे बघत राहिले. मग एकदम कपाळावर हात मारला.

“अरे देवा! मी मागे गेलो, पण पाय आजचेच राहिले की! तेव्हा ढांग टाकायचो मी. हे म्हाताऱ्याचं पाऊल.” त्यांनी मुलीकडे पाहिलं. “तुझी चाल माझी तेव्हाची. घरचे सगळे म्हणतात ते. तू चाल.”

“मी?”

“मी सांगतो तसं काढत जा.”

तिच्या हाताखालची दहा माणसं बघत होती. पाणी वरच्या पायरीला लागलं होतं. मुलगी फाटकाशी गेली आणि तिने डोळे अर्धे मिटले. चावीवाले शेजारून हळू आवाजात सांगत होते, “फलक काढ. दुकान काढ. खांब काढ.” तिच्या कपाळावरची आठी गेली. सव्विसाव्या पावलाला ती स्वतःहून थोडी उजवीकडे वळून थांबली.

खणलं, आणि खणकन लोखंड वाजलं.

झाकण निघालं, चावी बसली. बापलेकीने मिळून ती फिरवली आणि पाणी शेवटच्या पायरीवर थांबलं. लोकांनी टाळ्या वाजवल्या, साहेबांनी हात पुढे केला. चावीवाल्यांची छाती फुगून सदऱ्याची बटणं ताणली गेली.

मुलीचं कशाकडेच लक्ष नव्हतं. तिचे डोळे भरले होते.

“बाबा, झाकण बसवलं त्या दिवशी मी होते इथे. तुमच्या एका खांद्यावर चावी आणि दुसऱ्यावर मी. उजवीकडे ओलं सिमेंट होतं, तुम्ही मला बोट लावू दिलं नाहीत. सगळ्यांपेक्षा उंच होते मी!”

हे त्यांना कधीच दिसलं नव्हतं. इतक्या वेळा मागे जाऊन आले, पण दर वेळी खांद्यावर एकटी चावीच असायची.

“चला, घरी सोडते,” ती म्हणाली, आणि अख्ख्या पाणीखात्यासमोर त्यांचा हात धरून, एका श्वासाला एक पाऊल टाकत निघाली. त्यांना कुठला दम निघतोय! बायकोला सांगायला ते भराभर चालायला लागले.

“हळू, बाबा,” ती म्हणाली. “खांब ठेवायचा राहिलाय अजून.”