ओठांनी माणूस दाखवणारी बाई

अगं, अशी जवळ बस आणि तो फोन ठेव बाजूला. महिन्या-महिन्यांनी उगवतेस, आणि लग्नाचं विचारलं की "काही नाही गं आत्या" म्हणतेस! बरं, नको सांगूस. माझी गंमत ऐक.

मागे आमच्या विश्रांतवाडीच्या सोसायटीत एक फिलिपिन्सची बाई लेकीकडे राहायला आली होती. तिकडच्या वर्तमानपत्रात नटनट्यांच्या भानगडी लिहिण्यात तिचा जन्म गेलेला. एका संध्याकाळी बागेतल्या बाकावर माझ्याशेजारी शेंगा सोलत बसली. हो म्हणायला भुवया उडवायची, आणि माणूस दाखवायचा तर बोट नाही, ओठांचा चंबू!

तेवढ्यात आमचे सेक्रेटरी आले. विधुर माणूस, तोंडाला कायम कुलूप. पण हल्ली केस अचानक काळेभोर झालेले. तिनं चंबू करून मला ते केस दाखवले आणि त्यांना इंग्रजीत म्हणाली, "अभिनंदन! मांजरी गावच्या बाईंशी लग्न ठरलं म्हणे?"

"मांजरीच्या कुठल्या हो? लोणी काळभोरच्या!" सेक्रेटरी तडकले, आणि मग लालेलाल झाले.

मी तोंडाला पदर लावला. ते गेल्यावर ती म्हणाली, "नट असो की सेक्रेटरी, विचारलं की गप्प बसतात. चुकीचं सांगा, दुरुस्त करायला धावत येतात. मी आयुष्यभर त्यावरच पोट भरलं."

तिचं नाव विचारायचं राहिलंच बघ.

ते जाऊ दे. तुझा तो बँकेतला मुलगा बरा आहे ना?

काय? बँकेत नाही, शाळेत शिकवतो?

अस्सं! मग आता रविवारी लवकर ये, आणि येताना मास्तरांनाही घेऊन ये.